राज्य सोडून गेलेला माणूस

“सांग, घरी नाहीत म्हणून!” एवढं बायकोला बजावून पर्नेल मार्व्हल मागच्या दारानं निसटला आणि मक्याच्या कोठारात जाऊन बसला.

दारात सावकार आला की माणसं अशी लपतात, हे आपण सर्वांनीच पाहिलं आहे. पण पर्नेलवर कुणाचा छदामही नव्हता. उलट तो स्वतःच गावचा करवसुली अधिकारी होता! आणि दारात उभा होता लेव्हिन ट्रस्टी नावाचा माणूस, आपण होऊन कर भरायला आलेला. घेणाऱ्यानं देणाऱ्याला पाहून पळावं, असा उफराटा कारभार १८७६ साली डेलावेअर राज्यात चालला होता.

राज्य तळहाताएवढं, अवघ्या तीन परगण्यांचं. पण राष्ट्राध्यक्षाची निवडणूक तोंडावर आली होती आणि लढत इतकी अटीतटीची होती, की तळहातालाही भाव आला होता. काळ्या माणसांना मताचा हक्क मिळून सहाच वर्षं झाली होती. ती सगळी मतं विरुद्ध पक्षाला जाणार, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. मत द्यायचं तर कर भरल्याची पावती लागे. तेव्हा पर्नेलच्या पक्षातल्या शहाण्यांनी सोपी तोड काढली. काळ्या माणसांचा कर घ्यायचाच नाही! नावापुढे ‘राज्य सोडून गेला’ असं लिहायचं, की झालं काम.

दारात लेव्हिन विचारत होता, “बाई, पर्नेलसाहेब आहेत का?”

“नाहीत.” पर्नेलच्या बायकोची, हेस्टरची, नजर जमिनीवर होती.

“मागच्या मंगळवारीही नव्हते. घोडा मात्र दोन्ही वेळा घरीच दिसतो.” लेव्हिन हसला, पण ते हसू फार वेळ टिकलं नाही. “चौथी खेप आहे, बाई. सात मैल चालत येतो. पीचचा हंगाम ऐन भरात आहे, टोपल्यांचं काम खोळंबतं. साहेबांना सांगा, पुन्हा येईन.”

हा लेव्हिन काळा, पीचच्या टोपल्या विणणारा. पर्नेलच्या बागेतलं फळ बारा वर्षं त्याच्याच टोपल्यांतून बंदरावर जात होतं.

तो वळणाआड गेल्यावर हेस्टर तडक कोठारात शिरली.

“या बाहेर! तुमच्यापायी आज चौथ्यांदा खोटं बोलले. रविवारी प्रार्थनेला कुठल्या तोंडानं उभी राहू?”

“हळू बोल. मी एकटाच करतोय का? सगळीकडे हेच चाललंय.”

“सगळ्यांनी शेण खाल्लं म्हणून ते गोड लागतं वाटतं?”

“अगं, थार्पनं एकतीस नावं लिहून दिलीत. ती खोडली नाहीत तर पुढल्या साली वसुलीचं काम दुसऱ्याला जाईल.” थार्प हा पक्षाचा तिथला म्होरक्या. “आणि त्या लेव्हिनच्या एका मतानं असं काय होणार आहे?”

“काही होणार नसेल तर इतकं भिता कशाला? एका मताला घाबरून मक्यात बसलेला पुरुष मी तरी आजच पाहिला!”

पर्नेल कपडे झटकत घरात गेला. पण बायकोनं कान उपटले म्हणून माणूस सुधारतोच असं कुठं आहे? त्याच आठवड्यात त्यानं थार्पची नावं यादीत उतरवली. लेव्हिनच्या नावाशी लेखणी घटकाभर थबकली. काल अंगणात उभा असलेला माणूस राज्य सोडून गेला असं लिहायचं? आणि त्यानं लिहिलं.

मतदानाच्या दिवशी शाळेच्या खिडकीपाशी रांग लागली होती. लेव्हिन चर्चला घालायचा काळा कोट घालून आला. पावती नव्हतीच. कारकुनानं यादीवर बोट फिरवलं.

“लेव्हिन ट्रस्टी. राज्य सोडून गेला.”

रांगेत हशा पिकला. “काय रे, परत कधी आलास?” कुणी ओरडलं. “भूत असेल!” दुसऱ्यानं साथ दिली.

लेव्हिन डगमगला नाही. “इथून दोन मैलांवर जन्मलो मी. गेलो कुठेच नाही. पर्नेलसाहेब ते काय उभे आहेत, त्यांनाच विचारा.”

सगळ्यांच्या माना वळल्या. पर्नेल दाराला टेकून उभा होता, आणि त्याच्या शेजारी थार्प.

“काय पर्नेल, ओळखतोस याला?” कारकुनानं विचारलं.

लेव्हिन पर्नेलकडे बघत म्हणाला, “आज तुम्ही घरी नाही असं सांगायला बाई इथं नाहीत, साहेब. आज तरी ‘आहे’ म्हणा.”

अरेरे! एक शब्द, फक्त ‘ओळखतो’ एवढा एक शब्द! तो पर्नेलच्या जिभेवर आलाही होता. पण शेजारी थार्प खाकरला.

“यादीत आहे ते आहे,” पर्नेल म्हणाला.

लेव्हिननं हातातली मतपत्रिका घडी करून खिशात ठेवली आणि मागे न पाहता तो निघून गेला.

राज्य पर्नेलच्या पक्षाकडे गेलं. घंटा वाजल्या, कालवांच्या पंगती उठल्या, थार्पनं पाठीवर थाप मारली. पर्नेल मात्र ताट तसंच ठेवून घरी आला. हेस्टरनं दार उघडलं आणि ती आत निघून गेली. त्यापेक्षा ती भांडती तर बरं झालं असतं.

पुढच्या उन्हाळ्यात पीच धरले, पण टोपल्या आल्या नाहीत. शेवटी पर्नेल स्वतःच लेव्हिनच्या घरी गेला. दारं-खिडक्यांना फळ्या ठोकलेल्या होत्या. शेजारची कम्फर्ट नावाची म्हातारी ओट्यावर वाटाणे सोलत होती.

“लेव्हिन कुठं आहे?”

“नाताळानंतर बायकापोरं घेऊन गेला. खाडीपलीकडे, न्यू जर्सीत.” तिनं मान वर केली. “मला काय विचारता? तुम्हीच तर आधी लिहून ठेवलं होतं की!”

जनाची नाही, पण मनाची लाज माणसाला बसू देत नाही. आठवड्यानं पर्नेल बोटीनं खाडी ओलांडून गेला आणि विचारत विचारत लेव्हिनच्या दारी पोचला. लेव्हिन बाकावर बसून विणत होता. त्यानं मान हलवली, पण हात थांबवले नाहीत.

“माझं चुकलं,” पर्नेल म्हणाला. इतक्या वर्षांत प्रथमच त्याच्या तोंडून ‘तुम्ही’ आलं. “तुम्ही परत चला. तुमची पावती मी स्वतःच्या हातानं लिहून देतो. कोण अडवतो ते बघतो.”

लेव्हिननं टोपलीचा काठ पुरा केला.

“इथं माझं मत कुणी अडवत नाही, पर्नेलसाहेब. पण इथं मला कुणी ओळखतही नाही. माझी आई तिकडच्या मातीत आहे. जिथं सगळे ओळखत होते, तिथं चारचौघांत ओळख नाकारली गेली. पोरींनी विचारलं, बाबा, आपण खरंच गेलोय का? काय सांगू त्यांना?” त्यानं वेत घट्ट ओढला. “माफी मागायला आलात, ते मी विसरणार नाही. पण त्या दिवशी भर दुपार होती, खिडकी उघडी होती, आणि एका शब्दाचं काम होतं. आता तुम्ही दिवसभर बोललात, तरी त्याचा मला उपयोग नाही.”

पर्नेल एकटाच परतला. दुसऱ्या दिवशी त्यानं चर्चच्या कोपऱ्यावर टेबल मांडलं आणि जो येईल त्याचा कर घेऊन पावती दिली. एकतीसपैकी एकोणीसच आले. उरलेल्यांचा त्याच्यावरचा विश्वास उडाला होता. महिन्याभरात थार्पनं ते काम त्याच्याकडून काढून घेतलं. पुढल्या निवडणुकीतही राज्यानं कौल बदलला नाही. लेव्हिन कधी परत आला नाही.

वाचकहो, आपण म्हणतो की मतं गुंड पळवतात, पेट्या फोडून पळवतात. पर्नेल गुंड नव्हता. तो आपल्यासारखाच बायकामुलांचा, देवाधर्माचा माणूस होता. त्यानं फक्त एका ओळखीच्या माणसाला गरजेच्या वेळी ओळख दिली नाही. शेजाऱ्याचा हक्क आपल्या डोळ्यांदेखत नाकारला जात असेल, तर तिथंच, त्याच क्षणी बोला. पर्नेल पुढे वीस वर्षं जगला. ‘ओळखतो मी लेव्हिनला’ असं तो भेटेल त्याला सांगत असे. ऐकणारे मान डोलवत. पण तोवर फार उशीर झाला होता.