स्क्रममधली हाक

मुलगी राष्ट्रीय संघात निवडली गेली, तेव्हा आईला रग्बीतलं एवढंच ठाऊक होतं की, त्यात बायका एकमेकींच्या अंगावर पडतात. मग तिने स्क्रम पाहिला. दोन्ही बाजूंच्या आठ-आठ जणी वाकतात, एकमेकींना घट्ट धरतात, डोक्याला डोकी भिडवतात आणि चेंडूसाठी रेटा देतात. तिची लेक नेमकी पहिल्या रांगेत.

"लोकांच्या मुली डोकं वर काढतात," आई म्हणाली, "आमची डोकं खुपसायला जाते."

आई शिवणकाम करायची. लेकीची मान दर हंगामात जाड होत चालली होती. तिच्या शर्टांच्या कॉलरी उसवून रुंद करताना आई कुरकुर करायची, पण सामना एकही चुकवत नसे.

लेक टायर दुरुस्तीच्या दुकानात पहारीने टायर उचकटायचं काम करायची, म्हणून संघात तिचं नाव पडलं पहार. दिवसभर टायर, संध्याकाळी सराव. विश्वचषक दोनदा हुकला होता. एकदा गुडघ्यामुळे, एकदा संघच पात्र ठरला नाही म्हणून. आता पस्तिशी जवळ आली होती. पुन्हा संधी मिळेल, असं तिलाही वाटत नव्हतं.

पात्रतेच्या शेवटच्या सामन्यात समोर आली तांबडी. केसांवरून पडलेलं नाव. या दोघींचं विळ्या-भोपळ्याचं सख्य. तांबडीने एकदा पहारची बरगडी मोडली होती. शिवाय स्क्रम हरतोय असं दिसलं की "मान! मान!" असा खोटाच गळा काढायची तिला खोड होती. मान दुखावल्याची हाक आली की रेफरी खेळ थांबवणारच.

सामना संपत आला होता. पहारचा संघ तीन गुणांनी मागे होता. गोलरेषा अगदी समोर, आणि स्क्रममध्ये चेंडू टाकायची पाळी पहारच्या संघाची. एकदा नीट रेटून चेंडू रेषेपार टेकवला की पाच गुण, आणि विश्वचषकात प्रवेश.

डोकी भिडली. चेंडू आत आला. मागच्यांचा जोर पहारच्या पाठीतून पुढे गेला आणि समोरच्या मागे सरकल्या. आणखी एक पाऊल.

"चला! चला!" मागून कोणीतरी ओरडत होतं.

तेवढ्यात तांबडीचा खांदा खचला. तिचं डोकं पहारच्या छातीखाली दुमडलं आणि अगदी हळू आवाज आला, "मान."

पहारच्या तोंडात आधी शिवीच आली. पुन्हा तेच नाटक! पण तांबडी नाटक करायची ते मैदानभर ऐकू जायचं. आज तिला शब्दच फुटत नव्हता. पहारच्या शर्टाला धरलेली तिची मूठ सैल पडली.

रेफरी पलीकडच्या अंगाला होता. शिट्टी वाजत नव्हती. मागच्या जणी जीव खाऊन रेटत होत्या, आणि ते सगळं वजन पहारमधून त्या दुमडलेल्या मानेवर जात होतं. तिने पाय रोवले, पाठ ताठ केली आणि आपल्याच मैत्रिणींचा रेटा अंगावर झेलत ओरडली, "मान! थांबा! मान!"

"ढकल ना!" शेजारची किंचाळली. "काय करतेस?"

"थांबा गं, मरेल ती!"

पहारच्या कमरेत कळ चमकली. तरी ती हलली नाही. अखेर शिट्टी वाजली.

तांबडी गवतावर पालथी पडली होती. "पाय हलवता येतात का?" डॉक्टरीण पुन्हा पुन्हा विचारत होती. उत्तर येत नव्हतं. स्ट्रेचर बाहेर गेलं, तिच्या जागी दुसरी आली, आणि रेफरीने पुन्हा स्क्रमची खूण केली.

पहारने डोकं आत घातलं. पण रेट्याची वेळ आली तेव्हा अंगातलं बळच सरलं होतं. समोरच्यांनी चेंडू हिसकावून मैदानाबाहेर मारला. खेळ संपला.

कपडे बदलायच्या खोलीत कोणी कोणाकडे बघत नव्हतं. कोच पहारसमोर येऊन बसली.

"थांबलीस ते बरोबरच. त्यावर इथे कोणी चकार शब्द काढायचा नाही." मग आवाज खाली आणून तिने विचारलं, "पण दुसऱ्या वेळी का नाही ढकललंस?"

"घाबरले."

कोच "बरं" म्हणून उठून गेली. चार शिव्या दिल्या असत्या तर पहारला बरं वाटलं असतं.

तांबडीच्या मानेचा मणका मोडला होता. शस्त्रक्रिया झाली, हातपाय वाचले, खेळ संपला. पहार सरावाला जाईनाशी झाली. तांबडीला फोन कर म्हणून आईने तिच्यामागे टुमणं लावलं. शेवटी फोन तांबडीचाच आला. पडद्यावर ती, गळ्याला जाडजूड पट्टा.

"नाटक वाटलं नाही तुला?"

"आधी वाटलं की. पण नाटकात तू फार मोठ्याने ओरडतेस."

तांबडी हसली आणि कळवळली. "हसवू नकोस गं. दुसरा स्क्रम नंतर व्हिडिओत पाहिला मी. माझ्यामुळे खेळ सोडू नकोस हं. गळ्यात हा पट्टा आहे तेवढा पुरे, आणखी लोढणं नको."

"भीती वाटते."

"मला कायमच वाटायची," तांबडी म्हणाली. "उगाच नव्हते ओरडत मी."

पुढच्याच आठवड्यात पहार सरावाला गेली. कोचने काही न विचारता पहिल्या रांगेकडे बोट दाखवलं. पहार वाकली. "पाय कापताहेत माझे," ती शेजारणीला म्हणाली. हीच त्या दिवशी तिच्यावर किंचाळली होती.

"मग धर मला नीट," शेजारीण म्हणाली आणि तिचा शर्ट मुठीत आवळला.

पहार त्यानंतर आणखी दोन हंगाम देशाकडून खेळली. विश्वचषक काही तिच्या वाट्याला आला नाही.