आधी चमचा, मग डोकं

"झोप खरी वाटत नाही," एर्मांस वासेल म्हणाली. "चमचा मुठीत धरून कोण झोपतं? आधी चमचा पडू दे, मग डोकं."

शिपायाच्या गणवेशात टेबलाशी बसलेल्या आन्सेल्मनं चमचा बाजूला ठेवला. स्टुडिओच्या काचेच्या छपराखाली सगळे तिच्याकडे बघू लागले.

मूकपटांतला विदूषक पिपो या नावानं अख्खा फ्रान्स आन्सेल्मला ओळखत होता. पिपोनं कुठं आपटायचं, कुणाच्या अंगावर पीठ सांडायचं, हे महायुद्धाच्या आधीपासून एर्मांस लिहून देत असे. पडद्यावर तिचं नाव कधी आलं नाही. तिनंही कधी विचारलं नाही.

हा प्रसंग मात्र तिच्या घरातला होता. हिवाळ्यात तिचा मुलगा ओक्ताव आघाडीवरून रजेवर आला आणि कांद्याचं सूप पिता पिता त्यातच झोपला. नाकाला चटका बसून दचकून उठला, तेव्हा मायलेक पोट धरधरून हसले होते. हे पिपोला दे, असं त्यानंच सुचवलं.

परवा नगरपालिकेचा माणूस दारात उभा राहिला. ओक्ताव व्हर्दनच्या आघाडीवर मारला गेला होता. तिनं सगळं ऐकून घेतलं, आभार मानले, आणि जिन्याची खालची पायरी हलते, जपून उतरा, असंही सांगितलं. दुसऱ्या दिवशी ती नेहमीच्या वेळी स्टुडिओत हजर होती.

"बाई, हे नाही जमायचं मला," आन्सेल्म म्हणाला. "दुसरं काही लिहा. शिडीवरून पडतो पाहिजे तर."

"शिडीवरून मागच्या वेळी पडलास."

"ओक्ताव माझ्या मांडीवर खेळलाय हो."

"म्हणून तर तुला जमेल. तो कसा झोपायचा, तू पाहिलंयस."

दिग्दर्शकानं हा भाग गाळू या म्हटलं. तिनं ऐकलं नाही. गार झालेलं सूप बदलायला लावलं. वाफ दिसायला हवी होती. कॅमेऱ्याचा दांडा फिरू लागला. चमचा पडला, मग डोकं. दिग्दर्शकाला हसू फुटलं आणि त्यानं पटकन तोंडावर हात ठेवला.

पानगळीच्या सुमारास तो चित्रपट वस्तीतल्या थिएटरात लागला. एर्मांस एकटीच गेली. सूप आलं, तसं सगळं थिएटर खदखदून हसू लागलं. आत काही तरी हलेल म्हणून ती वाट बघत राहिली. काहीच हललं नाही. डोकं जरा उशिरा पडलं, एवढंच तिला वाटलं.

शेजारची बाई डोळे पुसत तिच्याकडे वळली. "हसा की हो थोडं. कोण लिहितो हे असलं, देव त्याचं भलं करो."

"हो," एर्मांस म्हणाली. "बरं लिहिलंय."

मागच्या रांगेतून एका जखमी शिपायानं हळूच सांगितलं, की त्याला पुढचं काही दिसत नाही. तिनं माफी मागितली. एकेक पिन काढून आपली काळी टोपी उतरवली, मांडीवर ठेवली, आणि खुर्चीत थोडी खाली सरकून बसली.