दुचांदीचं चाक आणि एक कोरी खाच

“सर, आठवड्याला सातच दिवस का असतात?”

मित्रांनो, या एका प्रश्नातून माझा जन्म झाला. आणि प्रश्नही पैजेचा! विचारणारी मुलगी वर्गात इतकी गप्प असायची, की मैत्रिणींनी तिचं नावच ‘म्यूट’ ठेवलं होतं. “विचारून दाखव, नाहीतर महिनाभर आमची दप्तरं उचल,” असं त्यांनी बजावलं. ती उठली, कानापर्यंत लाल झाली आणि एकदाची विचारून मोकळी झाली. वर्ग खो खो हसला. विज्ञानाचे सर मात्र हसले नाहीत.

“सातच हवेत असं कुठे आहे?” ते म्हणाले. “तू दुसरा आठवडा कर. पण वर्षभर चालवून दाखवायचा हं, नुसता कागदावर नको.”

तर मी तो दुसरा आठवडा! मी दुचांदी नावाच्या जगाचं एक जुनं कॅलेंडर आहे. दुचांदी नकाशात शोधू नका. ते म्यूटच्या वहीच्या मागच्या पानांवर आहे. तिथे दोन चंद्र आहेत. धाकटा आठ दिवसांत फेरी मारतो, म्हणून आठवडा आठ दिवसांचा. थोरला चाळीस दिवस घेतो, म्हणून महिना चाळीस दिवसांचा. असे नऊ महिने झाले की वर्ष संपलं. आठवड्यात दोन पहाटवार, दोन दुपारवार, दोन चांदणवार, मग एक झोपवार आणि शेवटी, सगळ्यांचा लाडका, घरवार.

वर्गाला वाटलं, आठ दिवस धाकट्या चंद्रामुळे. खरं कारण मला विचारा. म्यूटची आई शहराच्या पंपघरात पाण्याच्या मोटारी सांभाळते. दोन दिवस सकाळची ड्यूटी, दोन दिवस दुपारची, दोन दिवस रात्रीची, मग एक दिवस झोप भरून काढायची आणि एक दिवस मोकळा. म्हणजे या वेळी सुट्टी सोमवारी आली, तर पुढच्या वेळी मंगळवारी. बाबांचं पुस्तकं बांधायचं दुकान मात्र फक्त रविवारी बंद. त्यामुळे तिघं निवांत एकत्र जेवणार दोन महिन्यांतून एकदा! म्यूटला ते नको होतं. दुचांदीत घरवार कधीच हुकत नाही. त्या दिवशी बाबा पाचलाच दुकान बंद करणार आणि तिघं एका टेबलाशी बसणार.

मला बाबांनीच बनवलं. जाड पुठ्ठा गोल कापला, त्यावर निळं कापड चिकटवलं आणि दोन दिवस वजनाखाली दाबून ठेवलं. खळीचा तो वास अजून माझ्या अंगाला आहे. मग काठावर खाचा पाडल्या. रोज एक खाच पुढे सरकायची. म्यूट खाचांवर वारांची नावं लिहीत गेली आणि शेवटी ओरडली, “बाबा, एक्केचाळीस झाल्या!”

“असू दे गं,” बाबा म्हणाले. “शेवटी एक कोरं पान ठेवायची हाताला सवय आहे. पुस्तकालासुद्धा दम खायला जागा लागते.”

म्यूट टाळ्या पिटत नाचली. ठरलं! दुचांदीत महिन्याच्या शेवटी एक कोरा दिवस. त्या दिवशी कुणी काही मोजत नाही.

मी स्वयंपाकघराच्या भिंतीवर गेलो. पहिला महिना म्हणजे नुसती मजा! पाच घरवार आले आणि पाचही वेळा तीन ताटं मांडली गेली. शेजारच्या काकू माझ्याकडे बघून म्हणाल्या, “आमच्या घरीपण लावा हो असलं काहीतरी.” मी इतका फुगलो, की खिळ्यावरून पडता पडता वाचलो.

मग कोरा दिवस आला. मी ऐटीत दिवसभर त्या खाचेवर थांबलो. आठ दिवसांनी घरवार उजाडला. बाबांनी गिऱ्हाइकाला उद्या बोलावलं, म्यूट मैत्रिणींना टाळून पळत आली. आई गजर लावून झोपायच्या तयारीत होती.

“आई! अगं आज घरवार!”

“घरवार काल झाला,” आई म्हणाली. “तीन ताटं मांडून बसले होते मी. नऊ वाजेपर्यंत. तुम्ही दोघं दुकानातून आलाच नाहीत, मग झोपले. पंपघरात कोरा दिवस नसतो गं. आता मला पहाटे चारला उठायचंय.”

म्यूटने मला ओढून काढलं आणि बाबांच्या दुकानातल्या कातरणाच्या टोपलीत नेऊन फेकलं. मित्रांनो, पाच दिवस मी तिथे होतो. रोज वरून कागदाच्या पट्ट्या पडत होत्या. चूक माझी, असंच मला वाटत होतं.

मला बाहेर काढलं ते आईने. झटकलं, पुसलं आणि लेकीसमोर ठेवलं. “ही खाच बुजवू नकोस. पण इथे दिवस काढायचा नाही. इथे पोचलीस की मला विचारायचं, आई, उद्या कसली ड्यूटी? आणि मगच पुढे सरकायचं. काय?”

“काय म्हणजे काय! हो!” म्यूट तिला बिलगली.

त्यानंतर एकही घरवार हुकला नाही. वर्ष पुरं झालं. वर्गात म्यूट माझ्याबद्दल पूर्ण तासभर बोलली. मैत्रिणी ओरडल्या, “अरे, हिचं बटण कुठाय? कुणीतरी परत म्यूट करा!” सर म्हणाले, “सातच का, ते सोड. आठ का, ते आज कळलं.”

मग काल आई धावतच घरी आली. पंपघरात नवी यंत्रं बसली, रात्रीची ड्यूटी बंद! आता सहा दिवसांचं चक्र. सगळे हसले, मीही हसलो. आईला रात्रीची झोप मिळणार, याहून मोठं काय? पण माझ्या आठ दिवसांचं काय, आणि ती टोपली अजून दुकानात होतीच.

मित्रांनो, काम संपलेली वस्तू फेकताना क्षणभर थांबा. तिने तुमच्यासाठी काय काय मोजलंय, ते आठवा. माझ्या माणसांना ते सांगावं लागलं नाही, याबद्दल मी जन्माचा ऋणी आहे.

कारण म्यूट मला छातीशी धरून आईबाबांसमोर उभी राहिली.

“ऐका. मी ठरवलंय. उद्यापासून सहा दिवसांच्या आठवड्याचं नवं चाक. हे जुनं त्याच्या मागे, आधाराला. खाचा या वेळी मी पाडणार, बाबा. आणि एक कोरी ठेवणार. मुद्दाम.”