तोतारामची मान

चोपड्याजवळच्या एका केळीवाल्या गावातला तोताराम टीव्हीवर आठ वेळा दिसला आणि एकदाही बोलला नाही. शहाऐंशी साली शेतीच्या कार्यक्रमाची जीप पहिल्यांदा त्याच्या बागेत आली, तेव्हा साहेबांनी त्याला एवढंच सांगितलं, "बोलतील तज्ज्ञ. तुम्ही प्रगतिशील शेतकरी. फक्त मान हलवा."

तोतारामनं ती अशी हलवली, की सांगणं पटलंय, पण ते आपल्याला थोडंफार आधीच ठाऊक होतं. साहेब खूश! पुढे कापसाला तोच, कांद्याला तोच. शेळीपालनालाही जीप त्यालाच न्यायला आली. शेळी त्याच्या सात पिढ्यांत कोणी बांधली नव्हती.

गावाला मात्र खोड लागली. ग्रामपंचायतीच्या टीव्हीपुढं बसलेली मंडळी तज्ज्ञाकडे बघतच नसत. तोतारामची मान हलली, की दुसऱ्या दिवशी बठ्ठ्या, म्हणजे सगळ्याच, शेतांत तेच.

आठव्या खेपेला, चैत्रात, नवे तज्ज्ञ आले. म्हणाले, "केळीच्या बुंध्याजवळची माती ओढून काढा. मुळांना हवा लागू द्या."

तोतारामला घाम फुटला. वैशाखात वादळी वारं सुटतं. त्याआधी बुंध्याला उलट मातीची भर द्यायची असते. मान हलवावी, तर गावाच्या बागा आडव्या. न हलवावी, तर जीप पुन्हा येत नाही.

"तोताराम भाऊ, मान!" कॅमेऱ्यामागून साहेब ओरडले.

"साहेब, बठ्ठं गाव मनी मानकडे देखस."

"म्हणूनच हलवा ना!"

तीनदा घेतलं. मान खांबासारखी. ऊन उतरलं, तेव्हा साहेबांनी वैतागून होतं तेच नेलं.

दाखवलं त्या संध्याकाळी तोताराम मागच्या भिंतीला टेकून बसला. पडद्यावर तज्ज्ञ बोलत होते, शेजारी तो स्वतः ढिम्म. शेजारच्या बागेचा छगन वळला.

"तोताभाऊ, मान आखडेल शे का?"

"नही रे. मान बरी शे."

छगननं क्षणभर पडद्याकडे पाहिलं. "मंग मातीनी भर देऊतच!" म्हणाला, आणि मंडळी उठली.

जीप पुढच्या हंगामात दोंडाईच्याकडे वळली. तिथला रुपचंद आता टीव्हीवर मान हलवू लागला. तोताराम त्याचा एकही कार्यक्रम चुकवीत नसे.

"पोरगा बरा शे," तो बायकोला, प्रमिलाबाईला, सांगे, "पण ऐकानं आधीच हलावस."