शेवटच्या पंगतीतला गोरा

एकाहत्तर साली पारनेरच्या यात्रेत छगनने तंबूतला सिनेमा लावला. नगरच्या लष्करी कॅम्पातून भंगारात मिळालेली जुनी इंग्रजी पिक्चरं तो दाखवायचा. बोलणं कुणाला कळायचं नाही, पण रोज येणाऱ्या रंगुबाईनं त्यातला एक टकला गोरा हेरला होता. पिक्चर कुठलंही असो, हा कधी साहेबाला सूप वाढायचा, कधी मडमेपुढं कोंबडी ठेवायचा, नाहीतर भिंतीशी ताटकळत उभा.

"समदी जेवत्यात, ह्येच्या पोटात घास न्हाई," ती छगनवर तणतणली. गावातल्या प्रत्येक लग्नात वाढायला तीच असायची, आणि शेवटची पंगत वाढप्यांची, हा तिथला रिवाज होता.

"मावशी, बारका नट हाय त्यो. त्येला कामच तेवढं."

"काम बारकं आसंल. भूक बारकी आसती व्हय रं?"

शेवटच्या दिवशी छगनने पिक्चरआधी दुसऱ्या महायुद्धाच्या काळातली न्यूजरील लावली. लोकांनी बटाटे खावेत, असं विलायतेचं सरकार त्यात सांगत होतं. आणि बटाटा खाऊन दाखवायला टेबलाशी बसला होता तोच टकला.

रंगुबाईचा जीव भांड्यात पडला. पण क्षणभरच.

"कोरडाच गिळतोय की बाबा," म्हणत तिनं फडक्यातली भाकरी काढली, वर ठेचा ठेवला आणि थेट पडद्यापाशी गेली. ती वाकली तशी तिची सावली पडद्यावर पडली, आणि अख्ख्या तंबूला दिसलं, की कुणी बाई गोऱ्याच्या ताटात वाढते आहे.