डब्यातली गोटमार

साहेब, तुम्ही एका माणसाचा पिच्चर मारला. गोट्यानं नाही, खुर्चीत बसून मारला.

लिनबाबू शांघायचा कॅमेरामन. जपानी बॉम्ब पडू लागले तसा हाँगकाँगला पळाला, तिथून कलकत्ता, मग मुंबई. मुंबईत त्यानं नायिकांच्या चेहऱ्यावर असा उजेड पाडला की लोक पुन्हा पुन्हा थेटरात गेले. नाव मात्र दरवेळी दिग्दर्शकाचं झालं. केस पिकल्यावर त्यानं ठरवलं, एक पिच्चर आपला स्वतःचा.

गोष्ट त्याला पांढुर्ण्यात सापडली. सावरगावची लेक पांढुर्ण्यात दिलेली. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी गोटमार. जाम नदीच्या या काठावरून तिचा नवरा गोटे मारतो, त्या काठावरून सख्खा भाऊ. मधे पाण्यात रोवलेला पळस, त्यावर झेंडा. तो जे गाव तोडेल ते जिंकलं. लिनबाबू डोक्यावर घमेलं बांधून पाण्यात उभा राहिला आणि सारं टिपलं.

ते साल छप्पनचं. कोणता तालुका कोणत्या राज्यात जाणार, याच्यावरून सगळीकडं गरम होतं. चिन्यानं मराठी लोकांची दगडफेक टिपली, एवढंच तहसील कचेरीतल्या साहेबाच्या कानी गेलं. दंग्याचा पुरावा म्हणून फिल्मचे डबे कचेरीत जमा. बाहेर भिंतीवर हिंदी-चिनी भाई-भाई रंगवलेलं, आत लिनबाबूला बसायला स्टूल नाही. त्यानं उभ्यानंच समजावलं: फिल्म कच्ची आहे, मुंबईत धुतल्याबिगर काही दिसणार नाही, उजेड लागला की संपली. साहेब म्हणाला, पाहू.

मग नुसतं वाट पाहणं. लिनबाबू भर दुपारी कचेरीच्या मागच्या भिंतीला हात लावून पाही, आत डबे किती तापले असतील म्हणून. नत्थूजी संत्रेवाल्याच्या घरी तो उतरला होता. नत्थूजीची बायको प्रेमलता रोज वाढी, आणि हा अर्ध्या भाकरीवर उठे. झोपेतही बोटं चालत, रीळ गुंडाळल्यासारखी.

नत्थूजीला ते पाहवेना. संत्र्याच्या धंद्यात गिऱ्हाइकाला शंका आली की एक पेटी फोडून दाखवतात. माल दिसला की सौदा पक्का. लिनबाबूला न सांगताच तो साहेबाकडे गेला. म्हणाला, एक डबा उघडून पाहा, बाकीचे सोडा.

आणि साहेबानं, सारं ऐकून बसलेल्या साहेबानं, व्हरांड्यातल्या उन्हात डबा उघडला. हातहात फिल्म ओढली. कोरी पट्टी. "यात तर काहीच नाही," म्हणून बाकीचे परत दिले.

नत्थूजी हसतच घरी आला. "सुटले, लिनबाबू. एकच फोडला."

लिनबाबूनं डबे उलटेपालटे केले. झेंडा टिपलेला डबा त्यात नव्हता.

"नत्थूजी, संत्रं उजेडात दिसते. हे उजेडात मरते."

नत्थूजी ओसरीवरच बसला. त्याला पाणी लिनबाबूनंच दिलं.

पुढच्या पोळ्यापर्यंत ना मुंबईचे नट थांबणार होते, ना नवी कोरी फिल्म मिळणार होती. झेंड्याशिवाय पिच्चर म्हणजे दोन गावांची नुसती मारामारी, दंगाच. साहेब म्हणत होता तेच खरं ठरणार.

लिनबाबू नत्थूजीला घेऊन जाब विचारायला कचेरीत गेला तोवर नोव्हेंबर लागला होता. खुर्ची तीच, साहेब तोच, राज्य नवं, त्याची राजधानी भोपाळ. साहेबानं मान वर न करता सांगितलं की ही जुन्या राज्याची बाब, नागपूरला अर्ज करा. नत्थूजी म्हणाला, नागपूर तर आता मुंबई राज्यात गेलं. साहेब म्हणाला, मग भोपाळला करा.

लिनबाबू बिगर स्टुलाचा तसाच उभा राहिला. पांढुर्ण्यात शिकलेल्या मराठीत त्यानं विचारलं,

"राज्य गेलं, साहेब. तुम्ही तर इथंच बसून राहिले. फिल्म ज्या हातांनी ओढली, ते हात कोणाचे? मी जात नाही. सांगा."