शेवटची शिट्टी होईपर्यंत

१९५५ सालचा फेब्रुवारी होता. मूज पोर्टेजच्या मिलर्स या बर्फावरच्या हॉकीच्या संघाने लागोपाठ अकरा सामने जिंकले होते, आणि नशीब फिरू नये म्हणून त्या सहा आठवड्यांत गावात कोणी काही म्हणता काही बदललं नव्हतं. प्रशिक्षक मर्डो मॅकफी तोच तपकिरी टाय बांधत होता. न्हाव्याने स्वतःची दाढी केली नव्हती. आणि आयली कोस्केलाच्या मागच्या पडवीत मिलर्सच्या हिरव्या जर्सी न धुताच दोरीवर टांगलेल्या असत. थंडीने लाकडासारख्या कडक झालेल्या त्या जर्सींचा वास कागदगिरणीच्या गंधकी वासालाही मागे टाकत असे.

आयली विधवा होती, सेहेचाळीस वर्षांची. संघाच्या फाटक्या जर्सी शिवणं तिच्याकडे होतं आणि बाहेरगावचे दोन खेळाडू तिच्याकडे राहायला-जेवायला होते. एक वॅसिल हनात्युक, बचावफळीतला, दाराच्या चौकटीत डोकं आपटणारा आडदांड गडी. दुसरा गोलरक्षक आर्मांड थिबो, क्वेबेकमधल्या कुठल्याशा खेड्यातला, तेवीस वर्षांचा, तिच्या वेलदोड्याच्या पावावर जीव टाकणारा. तेव्हा गोलरक्षक तोंडावर मुखवटा घालत नसत, आणि आमच्यासारख्या छोट्या लीगमधल्या संघांना दुसरा गोलरक्षक परवडतही नसे. आर्मांड म्हणजेच गोल.

त्या वर्षी संघाचं मरण-जगणं टांगणीला लागलं होतं. गिरणीच्या साहेबांनी सांगून टाकलं होतं, अंतिम फेरी गाठली नाही तर हॉकीच्या इमारतीचं कागदाचं गोदाम होईल. म्हणजे बाया ज्या बाकांवर हात शेकायला कोटाच्या खिशात गरम भाजलेले बटाटे घेऊन बसत, तिथे कागदाचे रीळ येणार. रविवारी दुपारचा सामना जिंकला की अंतिम फेरी होती.

आणि मिलर्सचा एक जुना नियम होता. सामन्याच्या दिवशी गोलरक्षकाने डोळे उघडल्यापासून शेवटची शिट्टी होईपर्यंत त्याच्याशी कोणी एक अक्षर बोलायचं नाही. त्याने विचारलं तरी उत्तर द्यायचं नाही.

हा नियम आयलीने एकदा मोडला होता. १९३४ साली तिचा नवरा तोइवो मिलर्सचा गोलरक्षक होता. अंतिम सामन्याच्या सकाळी, लग्नाला जेमतेम वर्ष झालेल्या आयलीने चुलीपाशी उभ्या उभ्या विचारलं, "अंडं एक की दोन?" तो सवयीने म्हणाला, "दोन." मग दोघांचे चेहरे पांढरे पडले. मिलर्स सात-दोनने हरले. पुढे कितीतरी वर्षं दुकानात रांगेत कोणी ना कोणी विचारायचंच, "काय गं आयली, एक की दोन?" तोइवो १९४१ साली नदीतून गिरणीकडे सोडलेल्या ओंडक्यांखाली सापडून गेला. त्याच्या मातीला आलेल्या एका म्हातारीनेसुद्धा जाता जाता म्हटलं होतं, "चांगला होता गं. तो एक सामना सोडला तर."

शनिवारी सकाळी सरावात वॅसिलचा फटका चुकला आणि खेळायची रबराची कडक चकती आर्मांडच्या कानाच्या वर बसली. तो खाली बसला, हसला, उठला. संध्याकाळी डोकं दुखतंय म्हणून न जेवता झोपला.

रविवारी सकाळी तो खाली आला तेव्हा त्याचे बूट उलटे होते, डावा उजव्यात. वॅसिलने तोंडावर हात धरून हसू दाबलं. आर्मांड टेबलाशी बसला आणि त्याने कॉफी ओतायला घेतली. कप भरला, बशी भरली, कॉफी टेबलक्लॉथवरून त्याच्या मांडीवर टपकू लागली. तो बघत राहिला. गरम कॉफी होती, पण तो हलला नाही. आयलीने त्याच्या हातातून किटली काढून घेतली. त्याने वर पाहिलं. एका डोळ्याची बाहुली दुसरीपेक्षा मोठी होती.

वॅसिलचं हसू विरलं. त्याने आयलीला पडवीत ओढलं.

"गप्प राहा, मिसेस के. तुमच्या पाया पडतो."

"त्याचे डोळे बघितलेस?"

"बघितले. उद्या सकाळी मी स्वतः डॉक्टरकडे नेतो, उचलून नेतो. आज नको."

"वॅसिल, त्याला मांडीवर कॉफी सांडलेली कळत नाहीये."

"मागच्या महिन्यात त्याने माझ्या लापशीत मीठ ओतलं होतं. सामन्याच्या दिवशी तो येड्यासारखाच असतो." मग खाली बघत म्हणाला, "फटका माझा होता. तुम्हाला काय वाटतं, मला बरं वाटतंय?"

ती आत आली. आर्मांड चुलीकडे बघत होता. तो फ्रेंचमध्ये बोलला, लहान आवाजात. तेवढं फ्रेंच तिला इतक्या वर्षांत इतक्या पोरांकडून आलं होतं.

"मामाँ, आज शाळेला सुट्टी आहे का?"

आयलीच्या हातात डाव होता. तोंड उघडलंही तिने. दुकानाच्या रांगेतल्या सगळ्या बाया एकदम तिच्या कानात बोलल्या. ती वळली आणि पातेल्यातलं कालवण ढवळू लागली. त्याने पुन्हा विचारलं. तिने ढवळणं थांबवलं नाही.

बारा वाजता मात्र ती इमारतीत जाऊन मॅकफीसमोर उभी राहिली. "थिबोचं डोकं ठिकाणावर नाही. त्याला खेळवू नका."

मॅकफी टायची गाठ चाचपत म्हणाला, "त्याच्या जागी कोणाला उभा करू? तुम्हाला?"

"मर्डो, तो मला आई समजला."

"तुम्ही बोललात त्याच्याशी?"

"नाही."

"मग झालं तर. एवढं केलंत, आता तीन तास आणखी करा." आणि तिच्याकडे न बघता, "सामना संपला की लगेच डॉक्टर आणतो. शब्द देतो."

गाव सगळं लोटलं होतं. आर्मांडचे हातपाय आपलं काम करत होते. बारा सामन्यांतला सर्वांत चांगला खेळ तो त्या दिवशी खेळला, असं आजही म्हातारे सांगतात. आयलीला मात्र दिसत होतं की दर वेळी चकती लांब गेली की तो हात मागे नेऊन गोलाचा खांब चाचपतो, अंधारात भिंत शोधावी तसा. तिच्या खिशातला बटाटा गार झाला. मिलर्स तीन-एकने जिंकले.

शेवटची शिट्टी झाली की गोलरक्षकाला हाका मारायची रीत होती. दिवसभर दाबून ठेवलेले सगळ्यांचे आवाज एकदम फुटायचे. हजार माणसं ओरडली, "थिबो! आर्मांड!" सगळे बर्फावर धावले. आयलीही घसरत, पडत, धावली. "सुट्टी आहे रे," ती म्हणत होती, "आहे सुट्टी." तो खांबाला धरून उभा होता. मग खांब सुटला.

डॉक्टर आला, मॅकफीने शब्द पाळला. इस्पितळ साठ मैलांवर होतं आणि रस्त्यावरचं बर्फ अजून पुरतं काढलेलं नव्हतं. निम्म्या वाटेत आर्मांड गेला.

त्याची आई बुधवारी आगगाडीने आली. ठेंगणी बाई, काळी हॅट, हातात रिकामी पिशवी. आर्मांडचे कपडे त्या पिशवीत घालताना तिने आयलीला विचारलं, "त्या सकाळी काही बोलला का तो?"

आयलीला खोटं बोलता आलं असतं. तिने सांगितलं, "शाळेला सुट्टी आहे का, असं विचारलं."

आई थोडं हसली. मग विचारलं, "तुम्ही काय सांगितलंत?"

"काही नाही."

त्या बाईने एक मोजा उलटा होता तो सुलटा केला, घडी घातली आणि पिशवीत ठेवला. जाताना तिने हात पुढे केला नाही.

अंतिम सामन्यात गिरणीतल्या एका कारकुनाला गोलात उभं केलं. अकरा-शून्य. अंतिम फेरी गाठूनही शरद ऋतूत मिलर्स मोडले आणि इमारतीत कागदाचे रीळ आले. १९६३ साली हिमाच्या वजनाने छप्पर खचलं, तेव्हा आत कोणी नव्हतं. मॅकफी पश्चिमेला गेला, तिथे दोन संघ चालवले, आणि म्हातारपणी कोणी मूज पोर्टेजचं नाव काढलं की तो ऐकू न आल्यासारखं करायचा. वॅसिल निकेलच्या खाणीत उतरला. मुलांना स्केट्स घेऊन दिले, स्वतः पुन्हा स्टिक धरली नाही. दर फेब्रुवारीत तो आयलीला एक पत्र पाठवायचा, त्यात हवामानाखेरीज काही नसे.

आयलीने यानंतर राहायला गिरणीचे कामगारच ठेवले. त्यांना तिचं एक खूळ माहीत होतं. कॉफीची किटली हातात धरून ती प्रत्येकाला रोज सकाळी विचारायची, "तुझं नाव काय? आज वार कोणता?" कोणी चेष्टा करायचा, कोणी चिडायचा, एकाने तर याच कारणाने दुसरं घर धरलं. उत्तर मिळाल्याशिवाय ती कप भरत नसे. १९८७ साली ती गेली. शेवटच्या हिवाळ्यात घरात कोणी राहायला नव्हतं, तरी शेजारणीला रोज सकाळी भिंतीपलीकडून तिचा आवाज ऐकू यायचा, वार विचारताना, आणि मग थांबून वाट बघताना.